आईवडिलांनी विकलेली घरची मिळकत : इंदूरच्या मराठी कुटुंबांकडून वारंवार विचारले जाणारे प्रश्न

रामबाग, नारायण बाग, मल्हारगंज अशा इंदूरच्या जुन्या वस्त्यांतील वाडे आणि शहराच्या कडेला आलेली शेती यांचे भाव वाढले, तसे वडिलांनी किंवा आईने केलेल्या विक्रीवरचे वादही वाढले. पुढील उत्तरे हिंदू कायदा लागू असलेल्या कुटुंबांपुरती आहेत. या कायद्यासाठी जैन, बौद्ध आणि शीख कुटुंबेही हिंदूंतच धरली जातात. प्रत्येक प्रकरण कागदांवर ठरते, म्हणून आपले कागद वकिलांना दाखवल्याशिवाय येथील कोणत्याही उत्तरावर विसंबून पाऊल टाकू नये.

वडिलांनी आम्हाला न विचारता घर विकले. मुलांच्या सह्या नाहीत. विक्री रद्द होते ना?

एवढ्यावरून होत नाही. आमच्याकडे येणाऱ्यांपैकी बहुतेक जण वडील कसे वागले इथून सुरुवात करतात, पण न्यायालय सुरुवात करते ती मिळकत वडिलांच्या नावावर कशी आली इथून. या एका प्रश्नाचे उत्तर कागदांनिशी मिळाले की निम्मा दावा उभा राहतो किंवा तिथेच संपतो.

वडिलांनी स्वतःच्या पगारातून किंवा धंद्यातून घर घेतले असेल, तर ते त्यांचे स्वकष्टार्जित आहे. ते विकताना मुलांना विचारण्याचे कायदेशीर बंधन त्यांच्यावर नाही, मग मुले त्या घरात जन्मलेली असोत वा घराचे हप्ते मुलाने भरलेले असोत. (हप्ते भरल्याचा हिशेब मागण्याचा प्रश्न वेगळा आहे आणि त्याचा पुरावाही वेगळा द्यावा लागतो.) घर आजोबांकडून आलेले असेल, तर ते कोणत्या साली आणि कोणत्या मार्गाने आले, वारसाने, वाटणीने, मृत्युपत्राने की बक्षीसपत्राने, हे पाहावे लागते.

आजोबांचे घर म्हणजे वडिलोपार्जितच की! त्यात नातवाचा जन्मतः हक्क नसतो का?

याच समजुतीमुळे सर्वांत जास्त दावे फसतात, म्हणून उत्तर थोडे लांबवतो.

हिंदू उत्तराधिकार कायदा १७ जून १९५६ रोजी लागू झाला. त्याआधी एखाद्या पुरुषाला वडील, आजोबा किंवा पणजोबा यांच्याकडून वारसाने मिळालेली मिळकत त्याच्या हातात मुलाच्या, नातवाच्या आणि पणतूच्या दृष्टीने वडिलोपार्जित, म्हणजे सहदायकीची ठरत असे, आणि त्या तीन पिढ्यांना तिच्यात जन्माने हक्क मिळत असे. १९५६ पूर्वी झालेल्या अशा वारसाला आजही तोच नियम लागतो, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१९ च्या अर्शनूर सिंह प्रकरणात पुन्हा सांगितले.

आजोबांची स्वतःची मिळकत होती आणि ते १९५६ नंतर मृत्युपत्र न करता वारले, तर मात्र कलम ८ प्रमाणे ती त्यांच्या वारसांत विभागली जाते आणि वडिलांच्या वाट्याला आलेला हिस्सा वडिलांचा स्वतःचा होतो. वडील हयात असताना नातवाला त्यात काहीही मिळत नाही. १९८६ च्या चंदर सेन प्रकरणापासून सर्वोच्च न्यायालयाची ही भूमिका आहे. २०१६ चा उत्तम विरुद्ध सौभाग सिंह हा निकाल तर आपल्या मध्य प्रदेशातील प्रकरणावरचा आहे आणि त्यातही तेच सांगितले आहे.

समजा, आजोबांनी १९४८ साली होळकर दरबारच्या नोकरीतील पगारातून रामबागेत घर घेतले आणि १९७२ मध्ये ते वारले. मागे आजी, वडील आणि दोन आत्या राहिल्या, तर चौघांचा प्रत्येकी एक चतुर्थांश हिस्सा झाला. पुढे वडिलांनी २०१५ मध्ये अख्खे घर एकट्याच्या सहीने विकले, तर त्यांच्या मुलाला त्या विक्रीविरुद्ध वडिलोपार्जित हक्काचा दावा लावता येत नाही. दोन्ही आत्यांना आणि आजीच्या वारसांना मात्र येतो, कारण वडिलांनी जे हिस्से विकले ते त्यांचे नव्हतेच. भाऊबीजेला येणाऱ्या आत्याकडे खरा दावा आहे आणि आपण नुसतेच वडिलांवर चिडलो आहोत, हे अनेक मुलांना पहिल्यांदा वकिलांच्या टेबलावर कळते.

आजोबांनी मृत्युपत्र किंवा बक्षीसपत्र केले असेल तर?

सर्वोच्च न्यायालयाने १९५३ मध्येच ठरवून दिले आहे की, वडिलांनी आपली स्वतःची मिळकत मुलाला मृत्युपत्राने किंवा बक्षिसाने दिली असेल, तर ती मुलाची एकट्याची की त्याच्या कुटुंबाची, हे देणाऱ्याच्या शब्दांतून दिसणाऱ्या हेतूवर ठरते. ‘माझ्या मुलास व त्याच्या पुत्रपौत्रांस वंशपरंपरेने’ असे शब्द वाचून घाईने निष्कर्ष काढू नये. जुन्या दस्तांत अशी वाक्ये लेखनिकाच्या सवयीनेही येत, त्यामुळे सगळा दस्त एकत्र वाचावा लागतो.

वडिलांना काकांबरोबरच्या वाटणीत मिळालेले घर कोणते?

मूळ मिळकत सहदायकीची असेल, तर वाटणीत मिळालेला हिस्सा वडिलांच्या मुलांच्या दृष्टीने सहदायकीचाच राहतो, ही जुनी आणि पक्की भूमिका आहे, आणि २०१८ च्या एका निकालात सर्वोच्च न्यायालयाने ती पुन्हा मांडली. २०२५ च्या एका निकालात मात्र वाटणीनंतरचे हिस्से त्या त्या व्यक्तीचे स्वकष्टार्जित होतात, असे वाक्य आले आहे आणि खरेदीदारांचे वकील आता त्यावर भर देतात. त्यामुळे वाटणीपत्राची तारीख, वाटून घेतलेली मिळकत मुळात कोणाची होती आणि पुढे वडिलांनी ती कशी वागवली, हे तिन्ही मुद्दे दाव्यात आधीपासून स्पष्ट मांडलेले बरे.

मिळकत सहदायकीचीच आहे, असे गृहीत धरू. तरी वडील विकू शकतात का?

होय, एकत्र कुटुंबाचे कर्ते म्हणून विकू शकतात, पण कायदेशीर गरज असेल किंवा मिळकतीचा स्पष्ट फायदा होत असेल तरच. प्रिव्ही कौन्सिलने, म्हणजे ब्रिटिश काळातील शेवटच्या अपील न्यायालयाने, १८५६ साली हनुमान प्रसाद प्रकरणात घालून दिलेली चौकट आजही न्यायालये वापरतात. कर्त्यावर खरोखर दबाव होता का, टाळण्याजोगे संकट होते का, आणि घेणाऱ्याने प्रामाणिकपणे चौकशी केली का, हे त्यात पाहिले जाते.

मुलीचे लग्न, आजारपण, मुलांचे शिक्षण, सरकारी देणे, मिळकत वाचवण्यासाठी लढलेला खटला आणि घराण्याच्या चालत आलेल्या धंद्याचे कर्ज या गोष्टी गरजेत बसतात. कर्त्याने हौसेने सुरू केलेला नवा जोखमीचा धंदा सहसा बसत नाही. व्यसन किंवा जुगार अर्थातच बसत नाही, पण व्यसन होते एवढे म्हणून भागत नाही. त्याच काळात घरात बहिणीचे लग्नही झाले असेल, तर पैसा लग्नाला गेला की गुत्त्यावर, याचा पुरावा न्यायालय मागणारच.

गरज होती हे सिद्ध करण्याचा भार मुलावर नाही, खरेदीदारावर असतो. मुलाच्या बाजूने असलेला हा मोठा नियम आहे. मात्र खरेदीदाराने दिलेला प्रत्येक रुपया कुठे गेला, हे त्याने दाखवलेच पाहिजे असे नाही. किमतीचा मोठा भाग गरजेला लागला एवढे दिसले, तर उरलेल्या लहान रकमेवरून सगळा व्यवहार मोडत नाही. खरेदीखतात ‘घरखर्च व कर्जफेडीसाठी’ असे लिहिलेले असणे हा एकट्याने पुरावा होत नाही. तरी दस्त फार जुना असेल आणि व्यवहाराची माहिती असणारी माणसे हयात नसतील, तर न्यायालय त्या मजकुराला अधिक वजन देते. म्हणूनही उशीर महागात पडतो.

वडिलांनी विकू नये म्हणून आधीच स्टे मिळेल का?

बहुधा नाही. सुनील कुमार विरुद्ध राम प्रकाश या १९८८ च्या निकालाप्रमाणे, कर्त्याला विक्री करण्यापासून रोखणारा कायमचा मनाई हुकूम मुलाला मागता येत नाही. विक्री झाल्यावर तिला आव्हान देण्याचा मार्ग त्याला खुला असतो. नियम कठोर वाटतो, पण त्यामागचा विचार असा की, गरज आहे की नाही हे ठरवण्याचा पहिला अधिकार कर्त्याचा आहे.

व्यवहारात यावर दोन उपाय निघतात. मुलाने मनाईच्या दाव्याऐवजी सरळ वाटणीचा दावा केला, तर त्या दाव्यात अंतरिम मनाई मागता येते. शिवाय दावा चालू असताना झालेली विक्री मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ५२ प्रमाणे दाव्याच्या निकालाला बांधील राहते. यात आपल्या मराठी कुटुंबांपुरती एक मेख आहे. मुंबई संप्रदायात, म्हणजे हिंदू कायद्याच्या महाराष्ट्राकडील कुटुंबांना लागणाऱ्या शाखेत, वडील स्वतःच्या वडिलांबरोबर किंवा भावांबरोबर एकत्र असतील, तर मुलाला वडिलांच्या संमतीशिवाय वाटणी मागता येत नाही, असे मुंबई उच्च न्यायालयाने अपाजी नरहर प्रकरणात एकोणिसाव्या शतकातच ठरवले आहे.

आम्ही पिढ्यान्‌पिढ्या इंदूरचे. आम्हाला मुंबईचा नियम कसा लागेल?

महाराष्ट्रातून आलेले कुटुंब आपला वैयक्तिक कायदा बरोबर घेऊन येते, असे मानले जाते. १९२० च्या बळवंतराव विरुद्ध बाजीराव या प्रकरणात प्रिव्ही कौन्सिलने हेच तत्त्व मांडले. कुटुंब मूळचे कुठले हे माहीत असेल, तर स्थलांतराच्या वेळी त्याला लागू असलेला कायदा पुढेही लागतो, आणि तो सोडला असे म्हणणाऱ्याने ते सिद्ध करायचे. होळकरांबरोबर किंवा त्यांच्यामागून आलेल्या घराण्यांच्या बाबतीत हा मुद्दा निव्वळ पुस्तकी राहत नाही. एकेका सहदायादाला, म्हणजे सहदायकीत जन्माने हक्क असलेल्या व्यक्तीला, आपला न वाटलेला हिस्सा इतरांच्या संमतीविना मोबदला घेऊन विकता येतो, हा मुंबई संप्रदायाचा नियम उत्तरेकडील बनारस संप्रदायात नाही. त्यामुळे वडिलांच्या विक्रीला गरज सिद्ध झाली नाही, तरी वडिलांच्या स्वतःच्या हिश्शापुरती ती टिकू शकते, आणि खरेदीदार वाटणीत तो हिस्सा आपल्याला द्यावा असे म्हणू शकतो.

मुलीचा हक्क किती? माझे लग्न १९९५ मध्ये झाले आहे.

लग्नाची तारीख इथे बिनमहत्त्वाची आहे. हिंदू उत्तराधिकार कायद्यातील ९ सप्टेंबर २००५ च्या दुरुस्तीने मुलगी जन्मतः मुलाइतकीच सहदायाद झाली. त्या दिवशी वडील हयात असलेच पाहिजेत असे नाही, हे विनीता शर्मा प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ११ ऑगस्ट २०२० रोजी स्पष्ट केले. मुलगी मात्र त्या दिवशी हयात असायला हवी.

महत्त्वाची तारीख आहे २० डिसेंबर २००४. त्या दिवसापूर्वी झालेली विक्री, वाटणी किंवा मृत्युपत्राने केलेली व्यवस्था मुलीच्या या नव्या हक्काने हलत नाही. म्हणजे १९५४ साली वारसाने वडिलांकडे आलेली शेती त्यांनी २००३ मध्ये विकली असेल, तर गरज नव्हती म्हणून मुलगा आव्हान देऊ शकतो, मुलगी या दुरुस्तीच्या आधारे नाही. तीच शेती २०११ मध्ये विकली असेल, तर दोघांचा हक्क सारखा. २००५ पूर्वी घरच्या घरी तोंडी वाटणी झाली होती, असा बचाव अशा दाव्यांत हमखास येतो. न्यायालय तो सहजासहजी मानत नाही. नोंदणीकृत वाटणीपत्र किंवा न्यायालयाचा हुकूमनामा हाच नेहमीचा पुरावा आहे, आणि तोंडी वाटणी त्या काळच्या सरकारी कागदांतून दिसत असेल तरच अपवादाने धरली जाते.

मुलांच्या आणि वडिलांच्या वाटणीत आईलाही मुलाइतका हिस्सा मिळतो, ही गोष्ट दावा लिहिताना विसरली जाते. वडील, आई, एक मुलगा आणि एक मुलगी असतील, तर आज प्रत्येकाचा एक चतुर्थांश.

वडील वारले तेव्हा आम्ही लहान होतो. आईने घर विकले. आता काय करता येईल?

कायदा मुलांच्या बाजूने बराच स्पष्ट आहे, पण मुदत फार छोटी आहे, म्हणून या प्रश्नाकडे विशेष लक्ष द्यावे.

वडिलांचे स्वतःचे घर असेल, तर त्यांच्या मृत्यूबरोबर आई आणि प्रत्येक मूल आपापल्या हिश्शाचे मालक झाले. आई स्वतःचा हिस्सा केव्हाही विकू शकते. अज्ञान, म्हणजे १८ वर्षे पूर्ण न झालेल्या, मुलाचा हिस्सा मात्र नैसर्गिक पालकाला न्यायालयाच्या पूर्वपरवानगीशिवाय विकता येत नाही, असे हिंदू अज्ञानत्व व पालकत्व कायदा, १९५६ चे कलम ८ सांगते. परवानगी जिल्हा न्यायालयाकडून घ्यावी लागते, आणि मुलाची गरज किंवा उघड फायदा असल्याखेरीज ती दिली जात नाही. परवानगीविना झालेली विक्री मुलाच्या मागणीवरून रद्द होण्याजोगी असते.

आई सहसा फसवायला निघालेली नसते. दुकान बुडालेले, दीर फिरकेनासे झालेले, तीन लेकरे पदरात, आणि दलाल सांगतो की ‘तुमच्या एकट्याच्या सहीने होईल’. तो खरेदीखतात ‘स्वतःकरिता व अज्ञान मुलांची पालक म्हणून’ असे लिहून घेतो आणि परवानगीची भानगड टाळतो. मुलांनी दावा लावताना आईविरुद्ध कठोर आरोप करण्याची गरज नसते. परवानगी नव्हती, एवढेच पुरते.

मुदत मूल सज्ञान झाल्यापासून ३ वर्षांची, म्हणजे साधारणपणे वयाच्या २१ व्या वर्षापर्यंत. भावंडांचे वय वेगवेगळे असेल, तर प्रत्येकाची मुदत वेगळी मोजावी लागते, आणि थोरल्याची संपली म्हणून धाकट्याची संपलीच असे नसते. ऑक्टोबर २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने असेही सांगितले की, सज्ञान झालेले मूल दावा न लावताही स्पष्ट कृतीने, उदाहरणार्थ तीच मिळकत स्वतः दुसऱ्याला विकून, आधीचा व्यवहार नाकारू शकते. तेही मुदतीतच करायचे. तरी आमचे मत असे की, ताबा खरेदीदाराकडे असताना नुसत्या कृतीवर विसंबण्यापेक्षा दावा लावलेला बरा.

एकत्र कुटुंबातील अज्ञान मुलाचा न वाटलेला हिस्सा कर्त्याने विकला असेल, तर हे कलम ८ लागत नाही. तिथे पुन्हा गरजेची कसोटी लागते. आई सहदायाद नसल्यामुळे कर्ती होऊ शकत नाही, ही सर्वोच्च न्यायालयाची जुनी भूमिका आहे.

आईच्याच नावावरचे घर आईने मामांना किंवा धाकट्या भावाला विकले. आमचा हक्क?

आईला मिळालेली मिळकत हिंदू उत्तराधिकार कायद्याच्या कलम १४ प्रमाणे तिच्या पूर्ण मालकीची असते. ती हयात असेपर्यंत मुलांचा हक्क नाही. दबाव, फसवणूक किंवा आजारपणात समज नसताना घेतलेली सही, असे वेगळे कारण असेल तरच आव्हान देता येते. बाकी राग समजण्यासारखा आहे, पण त्याला दावा म्हणता येत नाही.

वडिलांनी मिळकत विकली नाही, एकाच मुलाला बक्षीस दिली.

सहदायकीची मिळकत प्रेमापोटी बक्षीस देण्याचा अधिकार कर्त्याला नाही. धर्मकार्यासाठी आणि तेही वाजवी मर्यादेतच ती देता येते, असे २०२२ च्या के. सी. लक्ष्मण प्रकरणात सांगितले आहे. इथे गरज होती का हा प्रश्नच येत नाही, त्यामुळे बक्षीसपत्राविरुद्धचा दावा विक्रीविरुद्धच्या दाव्यापेक्षा बळकट असतो. स्वकष्टार्जित मिळकत मात्र वडील ज्याला हवी त्याला देऊ शकतात.

याची दुसरी बाजूही आम्हाला विचारली जाते. सांभाळण्याच्या अटीवर मुलाला घर लिहून दिलेल्या आईवडिलांना, मुलगा सांभाळत नसेल तर, ज्येष्ठ नागरिकांसाठीच्या २००७ च्या कायद्याचे कलम २३ वापरून ते बक्षीसपत्र रद्द करून घेता येते. २ जानेवारी २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने मध्य प्रदेशातीलच एका आईच्या प्रकरणात असा आदेश दिला आणि घराचा ताबाही तिला परत मिळाला पाहिजे असे सांगितले.

दावा किती वर्षांत लावायचा?

वडिलांनी केलेल्या वडिलोपार्जित मिळकतीच्या विक्रीविरुद्ध मुलाचा दावा खरेदीदाराने ताबा घेतल्यापासून १२ वर्षांत लावावा लागतो. मुदत कायद्याचा अनुच्छेद १०९ तसे सांगतो. मोजणी रजिस्ट्रीच्या तारखेपासून होत नाही, ताब्यापासून होते. जुन्या वाड्यांत भाडेकरू बसलेले असतात, तेव्हा ताबा केव्हा गेला यावरच साक्षी होतात, म्हणून भाडेपावत्या कोणाच्या नावाने कोणत्या महिन्यापासून फाडल्या गेल्या हे शोधून ठेवावे.

ज्यांचा हिस्साच परस्पर विकला गेला अशा आत्या किंवा काकांसाठी खरेदीदाराच्या प्रतिकूल कब्जाची, म्हणजे खऱ्या मालकाचा हक्क नाकारून उघडपणे ठेवलेल्या ताब्याची, १२ वर्षे मोजली जातात. दस्त रद्द करून मागण्याची सर्वसाधारण मुदत ३ वर्षांची आहे, आणि दाव्याची मागणी चुकीच्या शब्दांत लिहिली की समोरचा पक्ष हीच ३ वर्षे दाखवतो. दस्तावर आपली सही नसेल, तर तो आपल्यावर बंधनकारक नाही अशी घोषणा मागावी, सही असेल तर दस्त रद्द करून मागावा लागतो. हा फरक सर्वोच्च न्यायालयाने २०१० मध्ये स्पष्ट केला आहे आणि कोर्ट फीसुद्धा त्यावर ठरते. ताबा आपल्याकडे नसेल, तर ताब्याची मागणीही जोडावी आणि त्याप्रमाणे फी भरावी.

विक्रीनंतर जन्मलेला मुलगा आव्हान देऊ शकतो का?

विक्रीच्या वेळी तो गर्भातही नसेल आणि तेव्हा हरकत घेऊ शकणारा दुसरा कोणी सहदायाद नसेल, तर नाही. गर्भात असेल तर तो जन्मलेलाच धरला जातो.

मी खरेदीखतावर साक्षीदार म्हणून सही केली होती. हक्क गेला का?

साक्षीदाराची सही म्हणजे मजकुराला संमती, असे आपोआप ठरत नाही. पण व्यवहार माहीत होता, पैशातून हिस्साही घेतला, असे दिसले तर ती सही जड जाते. ‘संमतीदार’ म्हणून सही असेल तर गोष्ट जवळजवळ संपते.

नामांतरण खरेदीदाराच्या नावे झाले. आता उपयोग काय?

महाराष्ट्रातल्या नातेवाइकांना फेरफार म्हणून माहीत असलेले, आणि इथे आपण नामांतरण म्हणतो ते, महसूल वसुलीसाठी असते. त्याने मालकी मिळत नाही आणि जातही नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने वारंवार सांगितले आहे. तहसीलदारापुढे हरकत अवश्य नोंदवावी, कारण पुढे तिचा पुरावा म्हणून उपयोग होतो. पण हक्काचा निर्णय दिवाणी न्यायालयातच होतो. तहसील कार्यालयाच्या तारखांमध्ये चार वर्षे घालवून मग दिवाणी दाव्याकडे वळणारे लोक पाहिले की वाईट वाटते. रजिस्ट्रीचेही तसेच. ‘संपदा’ या मध्य प्रदेशाच्या दस्त नोंदणीच्या ऑनलाइन प्रणालीवर दस्त नोंदला गेला म्हणजे विकणाऱ्याची मालकी कोणी तपासली, असे नव्हे.

घर देवस्थानाच्या माफी जमिनीवर (देवासाठी सारामाफीने दिलेल्या जमिनीवर) आहे आणि वडील पुजारी होते.

तर ती जमीन मुळात वडिलांची नव्हती. मंदिराच्या जमिनीची मालकी देवाची असते, पुजारी भूमिस्वामी, म्हणजे महसूल कायद्याप्रमाणे जमिनीचा मालक, होत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने सप्टेंबर २०२१ मध्ये मध्य प्रदेशाच्याच प्रकरणात ठरवले. वडिलांची विक्री टिकत नाही, पण मुलाचा वडिलोपार्जित हक्कही उभा राहत नाही.

वाडा राहता आहे. भावाने आपला हिस्सा बाहेरच्या माणसाला विकला आणि तो आत येऊ पाहतो.

कुटुंबाच्या राहत्या घरातील न वाटलेला हिस्सा घेणाऱ्या परक्याला घरात एकत्र राहण्याचा हक्क मिळत नाही. हे मालमत्ता हस्तांतरण कायद्याचे कलम ४४ आहे. त्याने वाटणीचा दावा केला, तर १८९३ च्या वाटणी कायद्याच्या कलम ४ प्रमाणे कुटुंबातील हिस्सेदार न्यायालयाने ठरवलेल्या किमतीला तो हिस्सा स्वतः घेऊ शकतात. भावाने विक्री करण्यापूर्वी कळले, तर कलम ८ च्या वारसांना उत्तराधिकार कायद्याच्या कलम २२ प्रमाणे अग्रहक्कही असतो. २०१९ मध्ये हा अग्रहक्क शेतजमिनीलाही लागू असल्याचे ठरले आहे.

आम्ही घर विकत घेतले आणि आता विकणाऱ्याचा मुलगा दावा घेऊन आला. आमचे काय?

खरेदीदार नेहमीच खलनायक असतो असे नाही. आयुष्यभराची बचत घालून घर घेतलेले कुटुंबही यात अडकते. आपण गरजेची चौकशी केली होती हे दाखवा. बँकेचे कर्ज आपल्या धनादेशातून फिटले असेल, लग्नाच्या तारखेच्या आसपास रक्कम दिली असेल, रुग्णालयाची बिले असतील, तर ते सगळे जमवा. चांगल्या विश्वासाने घर आपलेच समजून त्यात भर घातली असेल, तर मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ५१ प्रमाणे त्या सुधारणांची किंमत मागता येते. आणि वडिलांचा स्वतःचा हिस्सा तुम्हाला मिळू शकतो, हे वर आलेच आहे.

खरेदीपूर्वी विचारत असाल, तर वर्तमानपत्रातील जाहीर सूचनेवर थांबू नका. विकणाऱ्याच्या बहिणी किती आणि त्यांच्या सह्या कुठे आहेत, एवढे विचारा. नुसत्या मुखत्यारपत्रावर घर घेऊ नका. त्याने मालकी मिळत नाही, हे २०११ पासून स्पष्ट आहे.

दावा लावण्यापूर्वी कोणते कागद जमवावेत?

आजोबांच्या खरेदीचा दस्त, त्यांच्या मृत्यूचा दाखला, जुने नामांतरण, शेती असेल तर खसरा आणि बी-१ या महसुली नोंदींच्या जुन्या नकला, विवादित रजिस्ट्रीची प्रमाणित प्रत आणि घराण्याची वंशावळ, ज्यात लग्न होऊन गेलेल्या बहिणी आणि आत्या गाळलेल्या नसाव्यात. एकही हिस्सेदार पक्षकार करायचा राहिला किंवा कुटुंबाची एखादी मिळकत दाव्यातून वगळली, तर वाटणीचा दावा तेवढ्यावरून अडतो.

होळकर काळातील कागद बहुधा मोडीत असतात. ते पेटीत तसेच पडून राहतात, कारण घरात वाचणारे कोणी उरलेले नसते. ३० वर्षांहून जुना कागद योग्य ताब्यातून न्यायालयापुढे आला, तर त्याच्या सहीबाबत न्यायालय अनुमान करू शकते. म्हणून जाणकाराकडून त्याचे लिप्यंतर करून घ्यावे, इथल्या न्यायालयाच्या कामकाजासाठी हिंदी भाषांतर जोडावे, आणि मूळ कागद लॅमिनेट अजिबात करू नये. एका घरी पणजोबांचा खरेदीचा कागद सापडला तेव्हा तो १९५६ पूर्वीचा वारसा दाखवणारा निघाला. तोवर सगळे जण मिळकत आजोबांची स्वतःची धरून चालले होते आणि त्यामुळे दाव्याची बाजूच उलटली.

तडजोड केली तर ती नोंदवावी लागते का?

आधीच तोंडी झालेल्या कौटुंबिक समझोत्याची नुसती आठवण म्हणून लिहिलेली यादी नोंदवावी लागत नाही, असे १९७६ च्या काळे प्रकरणात ठरले आहे. त्या कागदानेच हक्क दिले-घेतले जात असतील, तर नोंदणी आवश्यक आहे. दावा चालू असेल, तर मध्यस्थीत किंवा लोकअदालतीत झालेली तडजोड हुकूमनाम्यात घ्यावी. कोर्ट फीही परत मिळते. शेतीच्या बाबतीत वडील हयात असताना मध्य प्रदेश भू-राजस्व संहितेच्या कलम १७८-अ प्रमाणे तहसीलदारांकडे अर्ज करून वारसांत वाटणी करून देऊ शकतात. ज्या घरांत अजून काही विकले गेलेले नाही, त्यांच्यासाठी हा रस्ता दाव्यापेक्षा खूप स्वस्त पडतो. अर्ज करण्याआधी मुलींची नावे त्यात आहेत ना, ते पाहून घ्यावे.